शेवटचं अक्षर

(युवक कार्यकर्त्यांच्या शिबिरात केलेलं भाषण)



मी गोदीत माल उतरवणारा माणूस. मॅट्रिक झालो, कविता करतो. प्राध्यापकी बोलणं आपल्याला जमत नाही. एका अक्षराबद्दल बोलायला उभा राहिलोय.

एलजीबीटी ही अक्षरं तुमच्या कानावर असतील. पहिली तीन समलिंगी बायांची, समलिंगी पुरुषांची आणि दोघांवर प्रेम करणाऱ्यांची. चौथं ट्रान्सजेंडरांचं, जन्मताना लोकांनी ठरवलेलं लिंग ज्यांना मान्य नाही त्यांचं. न्यूयॉर्कातल्या स्टोनवॉल बारच्या जागेला २०१६ साली अमेरिकन सरकारने राष्ट्रीय स्मारक केलं. फेब्रुवारी २०२५मध्ये त्याच सरकारने स्मारकाच्या माहितीतून हे चौथं अक्षर खोडून टाकलं. लोक निषेधाला रस्त्यावर आले. यायलाच पाहिजे होतं. पण सरकारने खोडायच्या आधी हे अक्षर सोबतच्याच माणसांनी तीनदा खोडलं होतं. तो हिशेब मांडायचाय.

२८ जून १९६९च्या पहाटे पोलिसांनी स्टोनवॉलवर धाड घातली. अशा धाडी नेहमीच्याच. बाईच्या कपड्यात पुरुष दिसला की घाला गाडीत. त्यासाठी वापरायचे तो एक कायदा १८४५चा. जमीनदारांविरुद्ध उठलेली कुळं झगे आणि मुखवटे घालून शेरीफच्या माणसांना हुसकावायची, त्यांच्यासाठी तो केलेला. कुळांसाठी घडवलेली बेडी सव्वाशे वर्षांनी या पोरींच्या हातात पडली. व्यवस्था जुनी बेडी भंगारात टाकत नाही.

त्या रात्री लोक पळाले नाहीत, उलटले. त्यांत मार्शा जॉन्सन होती, काळी, रस्त्यावर जगणारी. १९७० साली तिने आणि सिल्व्हिया रिव्हेराने ‘स्टार’ ही संघटना काढली. सिल्व्हियाचा बाप पोर्तोरिकोचा. आई लहानपणीच मेली, दहा-अकराव्या वर्षी पोर रस्त्यावर. या दोघींनी घरातून हाकललेल्या पोरांसाठी एक पडकं घर घेतलं. पोरांना धंदा करावा लागू नये म्हणून दोघी स्वतः धंदा करायच्या, त्यातून भाडं आणि भाकर भागवायच्या. १९७१मध्ये त्यांना तिथूनही बाहेर काढलं.

आणखी एक ऐका. ज्या ब्लॅक पँथरवरून १९७२ साली मुंबईत दलित पँथरचं नाव आलं, तिच्या ह्युई न्यूटनने ऑगस्ट १९७०मध्येच आपल्या कार्यकर्त्यांना बजावलं होतं की समलिंगींना शिव्या देणं बंद करा, ते क्रांतीतले सोबती होऊ शकतात. त्याच वर्षी स्टारच्या पोरी पोर्तोरिकन तरुणांच्या यंग लॉर्ड्सबरोबर पोलिसी जुलमाविरुद्ध मोर्च्यात चालल्या. हे नातं आज काल जोडलेलं नाही.

आता खोडाखोड. पहिली १९७३ची. वॉशिंग्टन स्क्वेअर पार्कात समलिंगी मुक्तीचा मेळावा. सिल्व्हियाला बोलू देत नव्हते, ती रेटून मंचावर चढली. समोरून हुर्यो. ती सांगत होती तुरुंगात मार खाणाऱ्या, बलात्कार सोसणाऱ्या आपल्याच लोकांबद्दल. त्याच मंचावरून एका समलिंगी नेत्या बाईने वाचून दाखवलं की हे वेष म्हणजे बायकांची टिंगल.

दुसरी १९८६ची. न्यूयॉर्क शहराने भेदभावाविरुद्ध कायदा केला. तो व्हावा म्हणून सह्या गोळा करताना १९७०मध्ये सिल्व्हियाला अटक झाली होती. कायद्यात समलिंगी आले, ट्रान्सजेंडर नाहीत.

तिसरी २००२ची. राज्याच्या कायद्यात आमचं नाव घाला म्हणून सिल्व्हिया हॉस्पिटलच्या खाटेवरून पुढाऱ्यांशी भांडली. १९ फेब्रुवारीला ती मेली. डिसेंबरात कायदा झाला, नावाशिवाय. ते नाव यायला २५ जानेवारी २०१९ उजाडलं.

असं का झालं? ज्याला नोकरी आहे, घर आहे, त्याला सभ्य दिसून कायदा पदरात पाडायचा असतो. ट्रान्सजेंडराला लपायला जागा नसते, रस्त्यावर पाऊल टाकलं की ओळख पटते. मग सभ्यतेच्या आड येणारा माणूस पहिला कापला जातो. तुमचं नंतर बघू. १९९०नंतरच्या काही वर्षांत सिल्व्हिया हडसन नदीच्या धक्क्यावर बेघर राहिली. १९९२ साली मार्शाचं प्रेत त्याच नदीत सापडलं. धक्का काय असतो ते मला विचारा. जहाज रिकामं झालं की माल उतरवणाऱ्याला कोणी हुंगत नाही.

आता आपल्याकडे या. २०१४ साली सर्वोच्च न्यायालयाने तृतीयपंथी ओळख मान्य केली आणि त्यांना मागास समजून आरक्षण द्या असं सरकारांना सांगितलं. २०१८मध्ये ३७७ कलमाचा फास सुटला. २०२३मध्ये समलिंगी लग्नाचा हक्क न्यायालयाने नाकारला. ३७७ आणि लग्न यांवर वर्तमानपत्रांची पानं भरली. भाकरीचा, म्हणजे आरक्षणाचा प्रश्न मागेच पडला. आणि मागास म्हणून ओबीसीत घातलं, तर दलित तृतीयपंथीयाने काय सोडायचं, जात की लिंग? तामिळनाडूतली दलित ट्रान्सजेंडर कार्यकर्ती ग्रेस बानू म्हणून समांतर आरक्षण मागते. प्रत्येक प्रवर्गात वेगळी जागा, म्हणजे दलित तृतीयपंथी दलितच राहील आणि तृतीयपंथी म्हणूनही मोजला जाईल. २०२१ साली कर्नाटकाने सरकारी नोकरभरतीत असं एक टक्का दिलं. म्हणजे करता येतं.

‘नंतर बघू’ आपल्या बापजाद्यांनी पुष्कळ ऐकलंय. आधी स्वातंत्र्य, जात नंतर. आधी वर्ग, जात नंतर. तेच आपल्या तोंडून दुसऱ्या कुणाला ऐकवायचं नाही. आपल्या मागण्यांचा मसुदा होईल तेव्हा समांतर आरक्षण पहिल्या पानावर घ्या. आणि वस्तीतल्या तृतीयपंथीयांना मसुदा लिहायलाच बोलवा. छापून झाल्यावर टाळ्या वाजवायला बोलावलं, तर आपणही तेच पुढारी.

जय भीम.