गावाच्या शिवेवरील इतिहास



अमेरिकेच्या कोलोरॅडो राज्यात ग्रॅनडा हे जेमतेम पाचशे वस्तीचे गाव आहे. गावालगतच्या माळावर अमाची छावणीचे अवशेष आहेत. डिसेंबर १९४१ मध्ये जपानने पर्ल हार्बरवर हल्ला केला. त्यानंतर १९ फेब्रुवारी १९४२ रोजी अध्यक्ष रूझवेल्ट यांनी काढलेल्या आदेशान्वये पश्चिम किनाऱ्यावरील सुमारे १,२०,००० जपानी वंशाच्या लोकांना घरादारांतून हलविण्यात आले. त्यांपैकी दोनतृतीयांश जन्माने अमेरिकन नागरिक होते. कोणावर आरोप नव्हता, की चौकशी नव्हती.

ऑगस्ट १९४२ मध्ये उघडलेल्या अमाचीत एकेकाळी सात हजारांहून अधिक माणसे काटेरी कुंपणाआड राहत होती. त्यांनी रेताड जमिनीत झाडे लावली, शेती पिकविली, शाळा चालविल्या. येथून अमेरिकन सैन्यात गेलेले ३१ तरुण युद्धात कामी आले. त्यांचे आप्त मात्र स्थानबद्धच होते. ऑक्टोबर १९४५ मध्ये छावणी बंद झाली. बराकी विकल्या गेल्या, जोती तेवढी उरली आणि त्यांवर रान माजले.

१९९३ मध्ये गावच्या शाळेतील शिक्षक जॉन हॉपर यांनी विद्यार्थ्यांना या माळाकडे वळविले. मुलांनी छावणीतील हयात रहिवाशांचा शोध घेतला, त्यांच्या मुलाखती घेतल्या, छायाचित्रे व कागदपत्रे जमविली. दफनभूमी स्वच्छ केली आणि गावात संग्रहालय उभे केले. जुनी तुकडी शाळा सोडून गेली, की नवी तुकडी हे काम हाती घेते. स्वतःच्या सरकारने केलेला अन्याय ही मुले पाहुण्यांना निःसंकोचपणे सांगतात. त्या अन्यायाबद्दल अमेरिकन सरकारने १९८८ मध्ये कायदा करून क्षमा मागितली आणि हयात व्यक्तींना प्रत्येकी २०,००० डॉलर भरपाई देऊ केली.

मार्च २०२२ मध्ये अमाचीला राष्ट्रीय ऐतिहासिक स्थळ करण्याचा कायदा झाला. गावाने आपल्या मालकीची जमीन दिली आणि फेब्रुवारी २०२४ मध्ये हे स्थळ रीतसर अस्तित्वात आले.

त्याच युद्धकाळात अहमदनगरच्या किल्ल्यात आपले राष्ट्रीय नेते स्थानबद्ध होते, तर कोल्हापूरजवळ वळिवडे येथे पोलंडच्या निर्वासितांना आसरा मिळाला होता. अशा खुणा आपल्याही गावोगावी आहेत. त्या पाहिलेली माणसे दरवर्षी कमी होत आहेत. एक शिक्षक, चार विद्यार्थी आणि साथ देणारी ग्रामपंचायत एवढ्यावर प्रारंभ होऊ शकतो. तो वेळेवर व्हावा, एवढेच.