आइसलँडची वर्तुळयात्रा

आइसलँड या ज्वालामुखींच्या बेटाला वळसा घालणारा महामार्ग क्रमांक १, म्हणजेच रिंग रोड, साधारण १,३०० किलोमीटरचा आहे. १९७४ मध्ये दक्षिणेत हिमनद्यांतून निघणाऱ्या नद्यांच्या पात्रांवर पूल झाले आणि हे वर्तुळ पूर्ण झालं. थांबत, बघत जायचं तर आठ-दहा दिवस हाताशी ठेवा.

त्यातले दोन दिवस उत्तरेकडच्या मिवात्न सरोवराला द्या. शेजारच्या क्राफ्ला ज्वालामुखीच्या परिसरात १९७५ ते १९८४ या काळात नऊ उद्रेक झाले. आपला सह्याद्रीही बेसॉल्टचाच, पण तो केव्हाच निवला. इथे मात्र जमिनीतून आजही वाफ आणि उकळता चिखल वर येतो. आखलेली पायवाट सोडू नका.

गाडी रस्त्याच्या उजव्या बाजूने चालवायची. वस्तीबाहेर वेगमर्यादा डांबरी रस्त्यावर ताशी ९० किलोमीटर, खडीच्या रस्त्यावर ८०. दिवे दिवसाही चालूच ठेवायचे. एकेरी पुलावर जो आधी पोहोचेल, तो आधी जातो. नावात 'एफ' असलेले डोंगरी रस्ते फक्त उन्हाळ्यात खुले असतात आणि तिथे फोर व्हील ड्राइव्ह गाडीच लागते. रस्ता सोडून गाडी घालणं हा गुन्हा आहे, कारण चाकाखाली गेलेलं शेवाळ पुन्हा वाढायला कित्येक वर्षं लागतात.

वाऱ्याने गाडीचं दार उलटं फिरू शकतं, तेव्हा ते घट्ट धरूनच उघडा. रोज सकाळी हवामान आणि रस्त्यांची स्थिती तपासा. आणीबाणीचा क्रमांक ११२. आणि एक दिवस मोकळा ठेवाच. वादळ आलं तर तोच उपयोगी पडेल.