पदराची पाठ



आपल्या ओरगडमहून कांचीपुरम जवळ, येवले मात्र फार दूर. म्हणून लेकीच्या लग्नाची पैठणी आम्ही ऑनलाइन मागविली. छायाचित्रातील मोर मनोहर होते. हाती आलेल्या पदराची पाठ मात्र सुट्या धाग्यांनी भरलेली! हातमागावरील अस्सल पैठणीचा पदर दोन्ही अंगांनी सारखाच दिसतो. तक्रार करू गेलो, तर विक्रेत्याचा पत्ताच दिलेला नव्हता. लेक अखेर आजीची जुनी पैठणी नेसून बोहल्यावर चढली.

२०२० च्या ई-कॉमर्स नियमांनुसार विक्रेत्याचे नाव-पत्ता कळणे हा ग्राहकाचा हक्क आहे. तो आधी पाहावा. पदराच्या पाठीचे छायाचित्र मागावे. ‘सिल्क मार्क’ शुद्ध रेशमाची ग्वाही देतो, हातमागाची नव्हे. त्यासाठी ‘हँडलूम मार्क’ पाहावा. मगच पैसे द्यावेत, एवढे सांगून आम्ही आपली रजा घेतो.