खालसा कोणाचे, खालसा कोणापासून



नांदेडात 'खालसा' हा शब्द उच्चारला की डोळ्यांपुढे गुरुद्वारा येतो. साताऱ्यात किंवा नागपुरात तोच शब्द उच्चारला की शालेय इतिहासातला लॉर्ड डलहौसी येतो. एकीकडे पंथाचे नाव, दुसरीकडे राज्य बुडाल्याची बातमी. दोहोंत इतके अंतर आहे की हे दोन वेगळे शब्द असून योगायोगाने सारखे ऐकू येतात, असे बहुतेकांना वाटते. माझे म्हणणे असे की शब्द एकच आहे, तो मुळात नाम नसून विशेषण आहे, आणि त्याचा गाभा 'शुद्ध' हाही नाही आणि 'जप्त' हाही नाही. एखादी वस्तू आणि तिचा अंतिम धनी यांच्या मध्ये कोणी उरलेला नाही, एवढेच हे विशेषण सांगते. या अर्थाची दोन्ही दप्तरे, धर्माचे आणि महसुलाचे, आपल्या मराठवाड्यात एकमेकांना लागून पडली आहेत. म्हणून या शब्दाचा हिशेब इथेच मांडलेला बरा.

आधी घराणे पाहू. अरबीत 'खालिस' म्हणजे भेसळ नसलेले. या धातूची पोरे मराठीत इतकी आहेत की ती एका घरची आहेत हे आपल्या ध्यानातही येत नाही. 'निखालस' हा त्यांतला सर्वांत मराठी झालेला. गंमत अशी की यातला 'नि' नकार आणत नाही. निखालस माणूस म्हणजे ज्याच्या मनात दुसरे काही मिसळलेले नाही तो, आणि निखालस खोटे म्हणजे ज्यात खऱ्याचा कणही नाही ते. 'खुलासा' मूळचा अर्क किंवा सार. चोथा वेगळा करून जे हाती राहते ते. 'खलास' म्हणजे मूळचे सुटणे. आपण ते संपण्यावर नेऊन ठेवले. या सगळ्यांत एक क्रिया सारखी आहे : काहीतरी मधून काढून टाकले, मग उरले ते स्वच्छ दिसले. 'खालसा'कडे पाहताना ही काढून टाकण्याची क्रिया विसरली की अर्थ हातून निसटतो. पुढचा सगळा गोंधळ तिथूनच सुरू होतो.

मोगलांच्या कारभारात मुलखाचे दोन भाग पडत. ज्याचा महसूल एखाद्या सरदाराला त्याच्या पगारापोटी तोडून दिला तो जहागीर, आणि ज्याचा महसूल थेट सरकारी खजिन्यात येई तो खालिसा. अकबराने १५७४-७५ च्या सुमारास उत्तरेतला बराच मुलूख जहागिरीतून काढून खालिसात आणला आणि वसुलीसाठी करोडी नेमले. म्हणजे 'खालसा करणे' ही क्रिया डलहौसीच्या पावणेतीनशे वर्षे आधीची आहे, आणि तिच्यात कोणाचे राज्य बुडत नव्हते. मधला वसूलदार बदलत होता. होरेस हेमन विल्सन याने १८५५ मध्ये महसुली संज्ञांचा जो कोश छापला, त्यातही हाच आशय आहे : जहागीर किंवा इनाम म्हणून कोणाला दिलेली नाही, तिचा सारा सरकारचाच, ती जमीन खालसा. व्याख्या नकारातून आली आहे हे लक्षात घ्या. या जमिनीचा गुण तिच्या मातीत नाही. ती कोणाला दिलेली नाही, यात आहे.

हैदराबाद संस्थानात ही विभागणी विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत चालू राहिली. दिवाणी म्हणजे खालसा, निजामाचे खासगी सर्फेखास, पायगा उमरावांचा मुलूख, आणि लहानमोठ्या जहागिरी व संस्थाने. एकूण क्षेत्राचा ढोबळमानाने साठ टक्के भाग खालसा होता, दहा टक्के सर्फेखास, बाकीचा जहागिरींचा. माझ्या मते सगळ्या पुराव्यातला निर्णायक तुकडा सर्फेखासमध्ये आहे. कोशकार पुष्कळदा खालसाचा अर्थ 'राजाचे', 'सरकारी' असा देऊन मोकळे होतात. तो पुरेसा असता तर सर्फेखास आधी खालसा ठरायला हवे होते, कारण ते तर खुद्द निजामाचेच. पण नाही. त्याचे उत्पन्न निजामाच्या खासगी तिजोरीत जाई, राज्याच्या खजिन्यात नव्हे. राज्य आणि खजिना यांच्या मध्ये इथे स्वतः राजाच व्यक्ती म्हणून येऊन बसला होता. राजाची जमीनही खालसा नसू शकते, हे सांगण्याइतका हा शब्द काटेकोर होता.

आता मराठीत तो 'जप्ती'च्या अर्थाला कसा पोचला ते पाहू. याचे एक कारण व्याकरणात आहे. 'रान मोकळे केले', 'वाट मोकळी केली', 'बैल मोकळा केला' यात विशेषण कर्माप्रमाणे बदलते, म्हणून ते विशेषण आहे हे कानाला कळते. पण 'संस्थान खालसा केले', 'जहागीर खालसा केली', 'मुलूख खालसा केला' यात खालसा जागचा हलत नाही. बहुतेक आकारान्त विशेषणे मराठीच्या चालीने चालू लागतात. 'ताजा'सारखा फारसीतून आलेला शब्दही ताजी, ताजे झाला. खालसा मात्र कचेरीतून आला आणि कचेरीचा पोशाख उतरवायला तयार झाला नाही. त्यामुळे 'खालसा करणे' ही एक अखंड क्रिया वाटू लागली, आणि क्रियेचा अर्थ ती ज्या प्रसंगी घडली त्या प्रसंगावरून ठरला. तो प्रसंग १८४८ चा. साताऱ्याचे दत्तक नामंजूर झाले, राज्य गेले. १८५४ मध्ये नागपूर आणि झाशी गेली. इंग्रजांच्या कागदात याला 'लॅप्स' म्हणत. वारस नाही म्हणून राज्य आपोआप गळून वरच्या सत्तेकडे आले, असा त्या शब्दाचा साळसूद आव आहे. मराठी माणसाने त्याचे भाषांतर केले नाही. आपल्या दप्तरातला शब्द काढून तो म्हणाला, 'खालसा केले'. 'गळाले' यात कर्ता नसतो. 'केले' यात असतो. राजाला जहागीरदाराच्या पंगतीला बसवून मधून काढून टाकले, हे राजकीय सत्य साहेबाच्या संज्ञेपेक्षा आपल्या क्रियापदाने अधिक नेमके पकडले आहे, असे मला वाटते.

याच काळात मराठवाड्याच्या वाट्याला वेगळाच अनुभव आला. हैदराबाद कंटिन्जंट फौजेच्या खर्चाच्या थकबाकीपोटी १८५३ च्या तहाने निजामाने वऱ्हाड, रायचूर दुआब आणि नळदुर्ग म्हणजे आजचा धाराशिवकडचा मुलूख कंपनीच्या हाती दिला. नळदुर्गचा कारभार मेडोज टेलर हा इंग्रज अधिकारी पाहत होता. अंमल कंपनीचा, वसूल कंपनीचा. तरीही हा मुलूख कोणी खालसा झाला म्हटले नाही, कारण तो खालसा झालाच नव्हता. तो तारण होता, धनी निजामच होता, आणि १८६० मध्ये नळदुर्ग व रायचूर परतही गेले. नुसता ताबा गेल्याने खालसा होत नाही, धनीपणाची साखळी बदलावी लागते. 'खालसा म्हणजे जप्त' म्हणणाऱ्यांनी या सात वर्षांचे उत्तर द्यायला हवे.

आता गोदावरीच्या काठी येऊ. दहावे गुरू गोविंदसिंगजी यांनी १६९९ मध्ये आनंदपूरला खालसा पंथाची स्थापना केली आणि १७०८ मध्ये नांदेडला त्यांचे निर्वाण झाले, हे इथे कोणाला सांगायला नको. पण खालसा हा शब्द त्यांच्याही आधी शीख व्यवहारात होता. गुरू तेगबहादुरांच्या हुकूमनाम्यांत पाटण्याच्या संगतीला, म्हणजे तिथल्या शीख समुदायाला, गुरूचा खालसा म्हटलेले आढळते. त्या काळी दूरदूरच्या संगतींकडून दसवंध, म्हणजे उत्पन्नाचा दहावा हिस्सा, गोळा करून गुरूंकडे पोचवायला मसंद नेमलेले असत. पुढे हे मसंद स्वतःच छोटे गुरू होऊन बसले, भेटी परस्पर ठेवू लागले. काही संगती मात्र मसंदांच्या कक्षेबाहेर, थेट गुरूंच्या होत्या, त्या खालसा. गोविंदसिंगजींनी मसंद पद्धतच मोडली, भेट थेट गुरूकडे आणा असे कळवले, आणि जी स्थिती काही संगतींची होती ती सगळ्या पंथाची केली. महसुली शब्द जसाच्या तसा लागू पडतो : मसंद म्हणजे जहागीरदार, संगत म्हणजे गाव, आणि मसंद निघून गेला की गाव खालसा. इतिहासकार जे. एस. ग्रेवाल यांनीही खालशाचा अर्थ गुरूशी थेट जोडलेले असाच लावला आहे. मी एक पाऊल पुढे टाकतो. परंपरेनुसार नांदेडला गुरूंनी देहधारी गुरूंची मालिका थांबवून गुरूपद ग्रंथाला दिले. मसंद १६९९ च्या सुमारास गेला. १७०८ मध्ये मनुष्यरूपातला गुरूही मधून निघाला. आनंदपूरला सुरू झालेले वाक्य नांदेडला पूर्ण झाले.

यावर पहिला आक्षेप श्रद्धेच्या बाजूने येईल, आणि तो हलका नाही. खालसा म्हणजे शुद्ध, पवित्र. त्याला साऱ्याच्या वहीत ओढणे म्हणजे अमृताचा भाव विचारणे होय, असे कोणी म्हणेल. गुरू ग्रंथ साहिबातल्या कबीराच्या एका पदात हा शब्द प्रेमभक्ती जाणणाऱ्यांसाठी आला आहे, तिथे महसुलाचा वासही नाही. हे मान्य आहे. तिथे अर्थ निर्मळ, मुक्त याकडेच झुकतो. पण हुकूमनाम्यांतल्या वापराचे काय? पाटण्याची संगत शुद्ध आणि शेजारची अशुद्ध, असे तर गुरूंना म्हणायचे नव्हते. तिथे संबंध सांगायचा होता. आणि एवढ्याने पावित्र्याला बाध येतो असेही मला दिसत नाही. भक्त आणि देव यांच्या मधला दलाल काढणे हीच भक्तीतली शुद्धता, हे नामदेवाच्या मुलखात समजावून सांगावे लागू नये. त्याच ग्रंथात नामदेवांची पदे आहेत, आणि त्यांचे नरसी इथून लांब नाही.

दुसरा आक्षेप व्यवहाराचा आहे आणि तो मला अधिक बोचतो. खालसा गावात खरोखरच मधले कोणी नव्हते काय? देशमुख होते, देशपांडे होते, पाटील-कुलकर्णी होते. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत तर हैदराबादेत खालसा तालुकेच्या तालुके सावकारांना आणि अरब जमादारांना मक्त्याने दिले जात. मक्तेदार कुणब्याच्या अंगावरची लंगोटीही वसुलीत धरी. सालारजंग १८५३ मध्ये दिवाण झाला, त्याने मक्ते मोडत नेले आणि १८६५ मध्ये जिलाबंदी करून पगारी अंमलदार बसवले. तेव्हा कुठे शब्दाला थोडा जीव आला. म्हणजे कित्येक वर्षे खालसा हे विशेषण कागदावर खरे आणि बांधावर खोटे होते. हे नाकारण्यात अर्थ नाही. तरी दप्तरात तो दावा शाबूत होता म्हणूनच सालारजंगला मक्तेदार बाहेर काढता आला. जहागिरीत त्याला ते करता आले नाही, कारण तिथे मधला माणूस कायद्यानेच बसलेला होता.

तिसरे म्हणणे भाषाशास्त्राच्या सोयीचे आहे : लोक ज्या अर्थाने शब्द वापरतात तोच अर्थ, आज खालसा म्हणजे हिसकावणे, संपले. वापर मला प्रमाण आहे. पण वापर कोणाचा? पंजाबात रणजितसिंगाचे सरकार स्वतःला सरकार-ए-खालसा म्हणवून घेई. १८४९ मध्ये इंग्रजांनी ते घेतले. 'खालसा राज्य खालसा झाले' हे वाक्य मराठीत अगदी बरोबर आहे, आणि त्यातला पहिला खालसा हिसकावणे या अर्थाने वाचून पाहा, काय हाती लागते ते. वाक्य दोन्ही ठिकाणी एकाच अर्थाने लावता येते : जे थेट पंथाचे होते ते थेट कंपनीचे झाले. शब्द तोच राहिला, धनी बदलला. साताऱ्याला या शब्दात दुःख का ऐकू आले, हेही यातून कळते. ते दुःख मधला निघाल्याचे नव्हते. ज्याला आपण धनी मानले त्यालाच मधला ठरवून काढला, त्याचे ते होते.

मराठवाड्यात हेच विशेषण सुटकेच्या बाजूने आले. सप्टेंबर १९४८ च्या पोलीस कारवाईनंतर १९४९ मध्ये सर्फेखास दिवाणीत मिळवले गेले आणि त्याच वर्षी जहागिरी बरखास्त झाल्या. जहागिरी गावातली वेठ, नजराणे, जहागीरदाराच्या मर्जीची वसुली हे सगळे ज्याने सोसले त्याच्या कानाला 'गाव खालसा झाले' ही बातमी साताऱ्यासारखी कशी लागेल? मात्र त्याच घटकेला शब्दाचे मरणही लिहिले गेले. विशेषणाला जगायला विरुद्धार्थी शेजारी लागतो. सगळीच गावे खालसा झाल्यावर एखाद्या गावाला खालसा म्हणण्यात काय उरते? निजामी दप्तरातला रोजचा शब्द असा एका पिढीत दुर्मिळ झाला, आणि लोकांच्या तोंडी उरले ते पाठ्यपुस्तकातले क्रियापद.

अगदी नाहीसा मात्र तो झालेला नाही. तलाठ्याच्या भाषेत भोगवटादार वर्ग १ ची जमीन म्हणजे खालसा, बिनदुमाला, इनामात न गेलेली जमीन. इथे जप्तीचा अर्थ लावणारा माणूस फसेल, कारण सातबाऱ्याच्या जगात खालसा असणे ही मालकाच्या दृष्टीने सर्वांत निर्धास्त अवस्था आहे. मराठवाड्यात तर अतियातची, म्हणजे निजामी इनामांची, प्रकरणे अजून सरलेली नाहीत. मदतमाश म्हणजे निर्वाहासाठी दिलेले इनाम आणि खिदमतमाश म्हणजे सेवेपोटी दिलेले इनाम, हे शब्द वकिलांच्या बोलण्यात रोज येतात. १९५४-५५ च्या खासरा पत्रकाची नक्कल मागवली जाते, उर्दू नोंद वाचणारा कोणी शोधला जातो, आणि नांदेड असो की लातूर, जमिनीच्या व्यवहाराला बसलेली माणसे सौद्याची रक्कम बोलण्याआधी एक प्रश्न विचारून घेतात : जमीन खालसा आहे की खिदमतमाश?