आपला फोन, त्यांचे अ‍ॅप

(मंडळाच्या मासिक सभेत दिलेल्या भाषणाचा मजकूर. सभासदांच्या आग्रहावरून येथे देत आहोत. – संपादक मंडळ)



या व्यासपीठावरून आजवर ज्ञानेश्वरीवर, योगासनांवर, मधुमेहावर उत्तम भाषणे झाली. त्या परंपरेत मोबाइलमधल्या अ‍ॅपवर बोलायला उभे राहताना थोडा संकोच वाटतो. परंतु सचिवांनी विषय सोडला नाही, कारण गेले काही महिने मंडळातील ज्येष्ठ मंडळी फोन घेऊन माझ्याकडे येत आहेत आणि सर्वांची तक्रार एकच आहे: "हे मी टाकलेले नाही, तरी आले कुठून?"

आपल्यातल्याच एका काकांचे उदाहरण सांगतो. नाव सांगत नाही, ते समोरच बसले आहेत. त्यांच्या चिरंजीवांनी अमेरिकेहून स्वतःचा जुना फोन त्यांना आणून दिला. फोन उत्तम, परंतु तिथल्या एका मोबाइल कंपनीकडून हप्त्यांवर घेतलेला. काकांनी त्यात इथले सिम घातले. पंधरा दिवसांत पडद्यावर पत्त्यांचा जुगार, नाणी गोळा करायचा खेळ, कुठल्याशा अमेरिकी दुकानाचे अ‍ॅप, अशी चित्रे दिसू लागली. काकांनी ती काढून टाकली. काही दिवसांनी दुसरी आली. पुढे जागा भरली आणि नातवाचे व्हिडिओ उतरेनासे झाले. चिरंजीव फोनवर म्हणाले, "बाबा, तुम्हीच काहीतरी दाबत असाल." काकांनाही तसेच वाटू लागले. त्यांनी तो फोन कपाटात ठेवला आणि जुना बटणांचा फोन पुन्हा काढला. रविवारी सकाळी नातवाशी होणारे व्हिडिओवरचे बोलणे बंद पडले.

मला या प्रकारात खेळांचा इतका राग आला नाही. राग आला तो याचा, की चाळीस वर्षे हिशेबाचे काम बिनचूक केलेल्या माणसाला आपलेच बोट चुकते आहे असे वाटायला लागले. म्हणून पहिली गोष्ट मोठ्याने सांगतो. काका, तुम्ही काहीही दाबले नव्हते.

आता हे घडते कसे ते पाहू. अँड्रॉइड फोनमध्ये दोन प्रकारची अ‍ॅप्स असतात. एक आपण प्ले स्टोअरवरून घेतो ती. दुसरी कारखान्यातूनच येतात; ती फोनच्या मूळ सॉफ्टवेअरच्या भागात बसवलेली असतात आणि हा भाग आपल्याला बदलता येत नाही. साध्या अ‍ॅपला दुसरे अ‍ॅप फोनमध्ये घालायचे असेल तर पडद्यावर प्रश्न येतो आणि आपण 'हो' म्हटल्याशिवाय ते काम पुढे जात नाही. परंतु मूळ भागातील काही अ‍ॅप्सना न विचारता अ‍ॅप बसवण्याची खास परवानगी दिलेली असते. प्ले स्टोअरकडेही ती आहे, म्हणून तर नवी आवृत्ती रात्री आपोआप बसते. प्रश्न इतकाच, की ही परवानगी आणखी कोणाकोणाला दिली आहे.

याचे जगजाहीर उदाहरण अमेरिकेतले आहे. टेक्सासमधील ऑस्टिन येथे डिजिटल टर्बाइन नावाची कंपनी आहे. तिने 'इग्नाइट' नावाचे सॉफ्टवेअर तयार केले, ते मोबाइल सेवा देणाऱ्या कंपन्यांसाठी. २०१४ च्या अखेरीस व्हेरायझनच्या फोनवर ग्राहकांना 'डीटी इग्नाइट' हे नाव दिसू लागले आणि मग बोभाटा झाला. फोन पहिल्यांदा सुरू झाला, नेटवर्कला जोडला गेला, की हे सॉफ्टवेअर पाठीमागून ठरलेली अ‍ॅप्स उतरवून बसवते. नंतर अशीच सोय 'मोबाइल सर्व्हिसेस मॅनेजर' या अगदी सोज्वळ नावाने काही फोनवर आली. नाव वाचून कोणाला वाटावे, ही नेटवर्कची काही आवश्यक सेवा असेल. बंद केली तर फोनच लागायचा नाही! नाव मुद्दाम असे ठेवले असेल का, हा तर्क मी तुमच्यावर सोपवतो.

यात पैसा कुठे आहे? खेळ बनवणाऱ्याला किंवा दुकानदाराला आपले अ‍ॅप लाखो फोनवर हवे असते. प्रत्येक फोनमागे तो जाहिरातीचा दर देतो, आणि तो पैसा सॉफ्टवेअरवाला आणि मोबाइल कंपनी वाटून घेतात. अमेरिकेत बहुतेक लोक फोन सेवेच्या कंपनीकडूनच घेतात, त्यामुळे फोनमध्ये काय भरायचे यात तिचा शब्द चालतो. आयफोनमध्ये अ‍ॅपल कंपनीने मोबाइल कंपन्यांना हा शिरकाव कधी करू दिला नाही. तेव्हा तांत्रिक गरज वगैरे काही नाही, हा निव्वळ व्यवहार आहे.

आपल्याकडे चित्र थोडे वेगळे आहे. आपण फोन एका दुकानातून घेतो, सिम दुसरीकडून. २००३ साली रिलायन्सने पाचशे एक रुपयांत फोन देण्याची योजना काढली होती, ती अनेकांना आठवत असेल. तो फोन आणि ती सेवा एकमेकांना बांधलेली होती. २०१७ चा जिओफोनही तसाच, दुसऱ्याचे सिम न चालणारा. पण हे अपवाद. त्यामुळे आपल्या मोबाइल कंपन्यांनी वेगळा रस्ता धरला होता, तो सिममधून. सिम कार्डमध्ये स्वतःचा एक छोटा मेनू असतो. त्यातून पडद्यावर अचानक चौकट यायची: क्रिकेटचा स्कोअर, राशिभविष्य, गाण्याची धून. चौकट घालवायला घाईने 'ओके' दाबले की सेवा सुरू आणि शिलकीतून पैसे गायब. रिक्षावाल्यापासून प्राध्यापकापर्यंत सगळे यात सापडले. शेवटी २०१३ मध्ये ट्रायने, म्हणजे दूरसंचार नियामक प्राधिकरणाने, आदेश काढला की अशी सेवा सुरू करण्याआधी ग्राहकाची दुसऱ्यांदा स्पष्ट संमती घेतलीच पाहिजे. सेवा बंद करण्यासाठी सर्व कंपन्यांना मिळून १५५२२३ हा एकच क्रमांक ठरवण्यात आला. त्या चौकटी आजही येत असतील तर अ‍ॅप्सच्या यादीत 'सिम टूलकिट' किंवा आपल्या कंपनीच्या नावाचा सिमचा मेनू उघडा. बहुतेक सिममध्ये हे संदेश बंद करण्याचा पर्याय तिथेच दडवून ठेवलेला असतो.

आता हा उद्योग भारतात मुख्यतः फोन बनवणाऱ्यांकडे गेला आहे. स्वस्त फोन पहिल्यांदा सुरू करताना "आपल्यासाठी निवडलेली अ‍ॅप्स" असा एक पडदा येतो, त्यात बरोबरच्या खुणा आधीच केलेल्या असतात. आपण 'पुढे, पुढे' करत जातो. काही सॅमसंग फोनवर 'अ‍ॅप क्लाउड' या नावाचे अ‍ॅप दिसते, ते याच जातीचे. नवा फोन घेताना दुकानदाराला तो सुरू करून द्यायला सांगू नका. त्याला गिऱ्हाईक मोकळे करायचे असते, तो सगळ्या खुणा तशाच ठेवणार. घरी आणून, सिम न घालता, नातवाला शेजारी बसवून एकेक पडदा वाचून सुरू करा. अमेरिकेहून आलेल्या फोनचेही असेच.

मी रेल्वेत सिग्नल विभागात काम करतो, म्हणून एक गोष्ट सांगितल्याशिवाय राहवत नाही. स्टेशनवर एक रिले रूम असते. गाडी कोणत्या रुळावर जाईल आणि सिग्नल हिरवा कधी होईल, हे ठरवणारी सगळी यंत्रणा तिच्यात असते. त्या खोलीला दोन कुलपे असतात. एकाची किल्ली स्टेशन मास्तरकडे, दुसरीची आमच्या माणसाकडे. एकट्याला ती खोली उघडता येत नाही. आणि यंत्रणेला हात लावायचा असेल तर आम्ही आधी मास्तरला लेखी डिस्कनेक्शन देतो. त्याने सही केल्यावर काम, आणि काम झाल्यावर पुन्हा लेखी रिकनेक्शन. मी कितीही हुशार इंजिनिअर असलो आणि मास्तरला त्या तारांमधले काही कळत नसले, तरी स्टेशन त्याच्या ताब्यात आहे. त्याच्या नकळत मी तिथे काही बदलू शकत नाही. फोनच्या बाबतीत मात्र यंत्रणा बनवणाऱ्याने दोन्ही किल्ल्या स्वतःकडे ठेवल्या आहेत आणि ज्याने पैसे मोजले तो दाराबाहेर उभा आहे.

आता उपायाकडे येतो. काहीजण सांगतात, 'अनोळखी ठिकाणाहून अ‍ॅप घेणे' हा पर्याय बंद करा. तो जरूर बंद असावा, कारण फसवणूक करणारे लोक व्हॉट्सअ‍ॅपवरून लग्नपत्रिकेच्या नावाने अ‍ॅप पाठवतात, त्यांना त्याने अटकाव होतो. पण आपल्या आजच्या चोराला त्याने काही फरक पडत नाही, कारण त्याच्याकडे खास परवानगी आहे. म्हणून आधी चोर ओळखायचा. नको असलेले अ‍ॅप लगेच काढू नका. सेटिंग्जमध्ये जा, अ‍ॅप्स उघडा, त्या अ‍ॅपच्या नावावर टिचकी मारा आणि अगदी खाली जा. बहुतेक फोनवर तिथे ते अ‍ॅप कुठून बसवले गेले हे लिहिलेले असते. प्ले स्टोअर लिहिले असेल तर कदाचित घरातल्याच कोणी घेतले असेल. दुसरेच नाव असेल तर ते नाव कागदावर लिहून घ्या. काकांच्या फोनवर आम्हाला असेच त्या परदेशी कंपनीच्या एका सेवेचे नाव सापडले.

मग अ‍ॅप्सच्या यादीत वरच्या कोपऱ्यातील तीन ठिपक्यांवर जाऊन 'सिस्टिम अ‍ॅप्स दाखवा' करा. काही फोनवर हा पर्याय गाळणीच्या चिन्हात असतो. त्या लांबलचक यादीत ते नाव शोधा. आधी 'फोर्स स्टॉप', मग स्टोरेजमध्ये जाऊन 'क्लिअर डेटा', आणि शेवटी 'डिसेबल'. क्रम लक्षात ठेवा. डिसेबल केलेले अ‍ॅप फोनमधून जात नाही, पण त्याला काम करता येत नाही. त्यानंतर त्याने आणलेली पिल्ले एकेक करून अनइन्स्टॉल करा. आधी पिल्ले काढली आणि आईला मोकळे ठेवले, तर काय होते ते काकांनी अनुभवले आहेच.

काही फोनवर 'डिसेबल'चे बटण अस्पष्ट असते, दाबले जात नाही. तिथे त्या अ‍ॅपचा पाठीमागचा डेटा बंद करा, त्याच्या सूचना बंद करा. त्याने पूर्ण बंदोबस्त होईलच असे नाही. त्यापुढचा उपाय म्हणजे संगणकाला फोन जोडून एडीबी नावाच्या साधनाने ते अ‍ॅप आपल्यापुरते काढणे. हे होते, मी करून दिले आहे, आणि फोन पुन्हा कारखान्यातल्या स्थितीत नेला तर ते परत येते. पण हे जाणकाराकडूनच करून घ्या, कारण त्या यादीत फोन लावण्याची खरीखुरी यंत्रणाही असते आणि ती काढली तर फोनचा खोका होईल. 'रूट' करून देतो म्हणणाऱ्याकडे मात्र मुळीच जाऊ नका. रूट केलेल्या फोनवर बँकांची आणि यूपीआयची बरीच अ‍ॅप्स चालायला नकार देतात. शिवाय ज्याच्या हातात आपण असा फोन देतो, त्याने आत काय ठेवले ते आपल्याला कधी कळणार नाही.

आणखी एक. फोनचे मोठे सॉफ्टवेअर अपडेट आले की बंद केलेली मंडळी कधीकधी पुन्हा जागी होतात. अपडेट घ्यायचेच, ते सुरक्षिततेसाठी लागते. पण दुसऱ्या दिवशी यादी एकदा पाहायची.

काहीजण विचारतील, सरकार काय करते? दक्षिण कोरियाने २०१४ मध्येच मार्गदर्शक नियम केले, की आवश्यक नसलेली आधीपासून भरलेली अ‍ॅप्स ग्राहकाला काढता आली पाहिजेत. युरोपीय संघाच्या डिजिटल बाजारपेठेच्या कायद्याने मार्च २०२४ पासून मोठ्या कंपन्यांवर अशीच सक्ती केली आहे. आपल्याकडे मात्र डिसेंबर २०२५ मध्ये उलटेच घडत होते. प्रत्येक नव्या फोनमध्ये 'संचार साथी' हे सरकारी अ‍ॅप आधीच घालून द्यावे, असा दूरसंचार विभागाचा आदेश बाहेर आला. देशभर आरडाओरड झाली आणि काही दिवसांतच सक्ती मागे घेतली गेली. गंमत अशी, की संचार साथी ही सेवा मला स्वतःला उपयुक्त वाटते. आपल्या नावावर किती सिम आहेत ते तिथे कळते, हरवलेला फोन बंद करता येतो. पण चांगले अ‍ॅप असले तरी विचारून द्यावे. घरचा प्रसाद झाला तरी आपण पाहुण्यांच्या हातावर ठेवतो, तोंडात कोंबत नाही.

काकांचा फोन गेल्या पावसाळ्यापासून स्वच्छ आहे. मध्ये एक अपडेट आले तेव्हा त्यांनी स्वतःच यादी तपासली, चोर पुन्हा जागा झालेला पाहिला, बंद केला आणि मग मला फोन करून कळवले. रविवारचे बोलणेही सुरू आहे. चिरंजीवांनी त्यांची माफी मागितली की नाही ते मी विचारले नाही.

चहाची वेळ झाली आहे. ज्यांना आपला फोन दाखवायचा असेल त्यांच्यासाठी मी मागच्या टेबलापाशी थांबतो. कृपया फोनचे कुलूप स्वतः उघडा, मला पिन सांगू नका. आणि नको असलेले अ‍ॅप तोवर काढू नका, आधी ते कुठून आले ते पाहू.