चुन्याची सुई

आमच्या देवळाली प्रवरा परिसरात विहीर खणायला घेतली की आधी काळी माती लागते, मग मुरूम आणि मग काळा पाषाण. मधूनच चुनखडीचे पांढरे खडे निघतात. ते पाहून पोरं विचारतात, ‘इथं पूर्वी समुद्र होता का?’ नाही. जमिनीत मुरणाऱ्या पाण्यातला चुना साचून हे खडे झाले. खालचा पाषाण म्हणजे सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी थिजलेला लाव्हा.

तरीही या पाषाणाचं समुद्राशी नातं आहे, आणि ते आपल्या नदीच्याच वाटेवर सापडतं. प्रवरा टोक्याजवळ गोदावरीला मिळते, गोदावरी पुढे राजमहेंद्रीला जाते. तिथंही हाच काळा दगड आहे. पश्चिमेकडून सुमारे १,००० किलोमीटर वाहत लाव्हा तिथल्या किनाऱ्याला पोचला, असं अनेक भूवैज्ञानिक मानतात.

तिथं लाव्ह्याच्या थरांमध्ये चुनखडक आहे. १९३०च्या दशकात एस. आर. नारायण राव आणि के. श्रीपाद राव यांनी दुदुकुरूच्या चुनखडकातल्या सागरी शेवाळांचा अभ्यास केला. त्यांतलं एक ॲसिक्युलेरिया. ‘ॲसिक्युला’ म्हणजे लॅटिनमध्ये बारीक सुई. याचा आजचा नातेवाईक ॲसिटाब्युलेरिया: काही सेंटीमीटर उंच, इवल्या छत्रीसारखा, आणि सगळा मिळून एकच पेशी! ॲसिक्युलेरियाच्या छत्रीच्या काड्यांत बीजकोश असत आणि त्यांच्याभोवती चुना साचे. शेवाळ कुजलं, बीजकोश गेले. उरली चुन्याची सुई आणि तिच्यावरचे गोल खळगे. जे निघून गेलं, त्याच्या रिकाम्या जागेवरूनच ही वनस्पती ओळखतात.

आपल्याकडे शेवाळ म्हणजे पाय घसरायचं निमित्त. पण या थरांचं मोल मोठं आहे. गेर्टा केलर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २००८ मध्ये तिथल्या सूक्ष्म जीवाश्मांवरून दाखवलं, की खालच्या लाव्ह्यावर साचलेला हा गाळ डायनॉसोर संपल्यानंतरच्या नव्या युगारंभीचा आहे. एवढ्या संहारानंतर समुद्र त्या दगडावर आला, त्यात जीव रुजले, आणि मग पुन्हा वरून लाव्हा आला.

हे थर दगडखाणींत उघडे पडतात आणि खडी होऊन संपूही शकतात. आपल्याकडेही रोज डोंगर फुटताहेत. काळ्या दगडाच्या दोन थरांमध्ये वेगळा, मऊ थर दिसला, तर सुरुंग लावण्याआधी जवळच्या महाविद्यालयातल्या भूशास्त्राच्या शिक्षकांना एकदा बोलवा. खडी दुसरीकडेही मिळेल.