हॉकीचा संप आणि आपला चुकारा
(खोडाळा येथील बैठकीतील भाषण)



कापूस-ज्वारीच्या बैठकीत आम्ही हॉकी कुठून काढली, असे वाटेल. पण चुकारा थकला की खेळाडू काय, शेतकरी काय, दुखणे एकच.

जानेवारी 2010. पुण्यात बालेवाडीला भारतीय हॉकी संघाचे शिबिर चालू होते. 28 फेब्रुवारीला दिल्लीत विश्वचषक सुरू व्हायचा होता. हक्काचे पैसे मिळेनात, म्हणून खेळाडूंनी सराव बंद केला. हॉकी इंडियाने प्रत्येकी 25 हजार पुढे केले. ते त्यांनी नाकारले. कारवाईची भीती घातली. कोणी फुटले नाही. काही दिवसांतच तोडगा निघाला आणि प्रायोजक सहाराचे एक कोटी रुपये आले.

हे कशाने जमले? एक, स्पर्धा तोंडावर होती. दुसरे, अनेकांना पोलिसात, तेल कंपन्यांत नोकरी होती. सराव थांबला तरी घरची चूल थांबली नाही.

उलट दाखलाही ऐका. अमेरिका-कॅनडात बर्फावरच्या हॉकीचे संघ धनिकांच्या मालकीचे. पगाराला मर्यादा हवी म्हणून सप्टेंबर 2004 मध्ये मालकांनीच टाळे ठोकले. अख्खा हंगाम बुडाला. खेळाडूंची युनियन होती. पण 310 दिवसांनी तिने मर्यादाही मानली आणि 24 टक्के पगारकपातही. मालकाचा दम जास्त निघाला.

याच मुलखात 1945 साली वारली गवतकाप्यांनी किसान सभेच्या झेंड्याखाली 500 पौंड गवताला अडीच रुपये मागितले आणि कापणीच्या ऐन दिवसांत विळे खाली ठेवले. तलवाड्याला गोळीबार झाला, माणसे मेली, तरी संप मोडला नाही. उभे गवत मालकासाठी थांबत नव्हते.

मग आपले काय? कापूस चार महिने घरात राहतो. ज्वारी नीट वाळवली तर टिकते. माल थांबतो, थांबत नाही तो देणेकरी शेतकरी. इथला माणूस उचल घेऊन वीटभट्टीवर जातो, आपण उचल घेऊन पेरणी करतो. ज्याची उचल, त्याचा भाव.

म्हणून आंदोलनाची तारीख ठरवण्याआधी गावोगाव यादी करा: कोण किती दिवस थांबू शकतो? ज्वारीवर बाजार समितीचे तारण कर्ज मिळते का, ते विचारा. ज्याला थांबता येत नाही, त्याच्या घरी दाणा कोण पोचवणार, तेही लिहा. ती यादी हाती आली, की तारीख आपण ठरवू.